चौकटकाका

आमच्या सोसायटीत टाकी धुण्याची सूचनासुद्धा मुंजीच्या पत्रिकेसारखी दिसते. निळी दुहेरी रेघ, आत फिकट पिवळा रंग, मागे राखाडी सावली. मजकूर आणि सही सेक्रेटरींची. चौकट मात्र तिसऱ्या मजल्यावरच्या काकांची. पोरं त्यांना चौकटकाका म्हणतात. काकांना ते ठाऊक आहे आणि आवडतंही.

काका बँकेतून निवृत्त झाले. "३४ वर्षं लोकांना सांगत आलो, एका घरात एकच अक्षर लिहा," ते म्हणतात. "आता घर माझं, अक्षरं माझी."

वर्डमध्ये मजकूर टाइप करायला त्यांना पाच मिनिटं लागतात. मग चहा येतो आणि खरं काम सुरू होतं. "काठावर क्लिक करायचं हं! आत केलंत तर कर्सर आत जाऊन बसतो, पाहुण्यासारखा." काठ धरला की वर 'शेप फॉरमॅट' उगवतं आणि काका 'शेप आउटलाइन'मध्ये शिरतात. सव्वादोन पॉइंटची रेघ त्यांच्या अंगावर येते, पाऊण पॉइंटची उपाशी वाटते. बराच खल होऊन दीड पॉइंटवर तडजोड होते. गेल्या खेपेलाही दीडवरच झाली होती. मी एकदा सुचवलं, की राइट क्लिक करून 'सेट ॲज डिफॉल्ट टेक्स्ट बॉक्स' म्हणा, म्हणजे या फाइलमधली पुढची प्रत्येक चौकट आपोआप अशीच येईल. काकांनी माझ्याकडे असं पाहिलं, की जणू मी त्यांना जन्मभर खानावळीत जेवायला सांगितलं.

सावली हा तर श्रद्धेचा विषय. 'शेप इफेक्ट्स'मध्ये ती हव्या त्या बाजूला पाडता येते. त्यासाठी काका तीन मजले उतरून फलक पाहून आले. "बल्ब डावीकडे आहे. सावली उजवीकडेच पडली पाहिजे. उगाच लोक हसतील."

काकूंनी हात टेकलेत. "किराणाच्या यादीत तूरडाळीला ग्लो दिलाय यांनी. वाण्याने सामान द्यायचं की यादी फ्रेम करायची?"

गेल्या उन्हाळ्यात मात्र घोटाळा झाला. 'रविवारी टाकी धुण्यात येईल' या सूचनेत काकांनी चौकटीचा आतला समास वाढवला. "अक्षरांना श्वास घ्यायला जागा नको?" अक्षरांनी श्वास घेतला आणि शेवटची ओळ चौकटीच्या खाली गडप झाली. ती ओळ होती, 'शनिवारी रात्रीच पाणी भरून ठेवावे.' रविवारी सकाळी तिघे जण अंगाला साबण लावून कोरड्या नळाशी बोलत होते. त्यातला एक मी.

टॉवेल गुंडाळून जाब विचारायला वर गेलो. काकांनी शांतपणे फाइल उघडली आणि चौकटीची खालची कड धरून ओढली. "ओळ आहे हो. फक्त दिसत नव्हती. ही बघा!" हरवलेलं पोर सापडल्यासारखा आनंद त्यांच्या चेहऱ्यावर होता. साबण माझ्या डोळ्यांत जात होता.

कमिटीने ठराव केला, यापुढे सूचना साध्या कागदावर, विनाचौकट. काका काही बोलले नाहीत. चार दिवस फिरायला मात्र मागच्या जिन्याने गेले. पुढच्याच महिन्यात 'लिफ्ट दुरुस्तीसाठी बंद' अशी साधी सूचना लागली आणि ती एकाही माणसाने वाचली नाही. भाजीच्या पिशव्या घेऊन लोक लिफ्टचं बटण दाबत उभे. तेव्हा लक्षात आलं, काकांच्या चौकटीपुढे आपण नावं ठेवायला का होईना, थांबत होतो.

परवा मीच तिसऱ्या मजल्यावर गेलो. गणपतीच्या वर्गणीची सूचना लावायची होती. मी खिशातून मजकुराचा कागद काढला. काकांनी तो न वाचताच टेबलावर ठेवला, चष्मा पुसला आणि कॉम्प्युटर सुरू केला.

"ते होईल हो. आधी सांगा, मांडवात दिवा कोणत्या बाजूला लावताय?"