झाकण उघडू नका जी!

गोंदिया जिल्ह्यात आठ तालुके आहेत आणि त्यातल्या कोणत्याही तालुक्यातल्या कोणत्याही गावात गेलात तरी मटणाचे एक भाऊजी भेटतातच. ते कोणाचे तरी खरोखरचे भाऊजी असतात. बाकी गावाने त्यांना मानून घेतलेलं असतं. कोणी राइस मिलमध्ये मुनीम असतो, कोणी जिल्हा परिषदेच्या शाळेतून निवृत्त झालेला गुरुजी. एरवी त्यांचा स्वयंपाकघराशी संबंध पाण्याचा गिलास मागण्यापुरता. मिठाचा डबा कोणत्या फळीवर आहे ते विचारा, सांगता यायचं नाही. पण मटण म्हटलं की बाह्या वर.

भाऊजींचं वर्ष सणांवर चालत नाही, सणांच्या दुसऱ्या दिवसांवर चालतं. होळी त्यांच्या हिशेबात नाही, धुळवड आहे. पोळ्याच्या दिवशी बैलांची शिंगं रंगतात, गळ्यात घुंगरमाळा येतात, तोंडाला पुरणपोळी लागते. भाऊजी हे सगळं हात जोडून पाहतात, पण मन रश्शात गुंतलेलं. दुसऱ्या दिवशी पहाटे इडापिडा घेऊन जाणारी नारबोद गावाबाहेर नेऊन टाकली की मटणाच्या दुकानापुढे रांग लागते. सण बैलाचा, भोगतो बोकड.

रांगेत भाऊजी नसतात. रांगेत पुतण्या असतो. भाऊजी आत, दुकानदाराच्या स्टुलावर. नवखं गिऱ्हाईक मऊ तुकडे मागतं, भाऊजी मागतात खांदा, मान आणि नळी. लोकांना वाटतं पैसे वाचवतात. तसं नाही. जनावराच्या ज्या अवयवांना कष्ट जास्त, तिथे चिवट तंतू जास्त. हे कोलॅजन साधारण सत्तर अंशांच्या पुढे हळूहळू विरघळायला लागतं, त्याचं जिलेटिन होतं आणि रस्सा दाट होतो. त्याला तास लागतात. मऊ तुकडा तेवढा वेळ आचेवर ठेवला तर कोरडाठक्क पडतो. भाऊजींनी कोलॅजन हा शब्द ऐकलेला नाही. त्यांची कसोटी एवढीच की जेवून झाल्यावर बोटाला बोट चिकटलं पाहिजे.

जागा ठरवण्यातही शब्द त्यांचाच. नवेगावबांध, चोरखमारा, बोदलकसा, इटियाडोह अशी पाण्याकाठची नावं दरवर्षी निघतात आणि दरवर्षी बारगळतात. आजूबाजूला जंगल. नवेगाव-नागझिरा २०१३ च्या डिसेंबरात व्याघ्र प्रकल्प झाला. त्यात १५ फेब्रुवारी ते १५ जून हा वणव्याचा हंगाम, आणि धुळवड नेमकी त्यातच. जंगलात काडी ओढली तर वनरक्षक जेवायला बसत नाही, पावती फाडतो. म्हणून शेवटी कोणाच्या तरी धान निघालेल्या बांधीत, आंब्याखाली मुक्काम पडतो. सावली कोणत्या बाजूला सरकणार याचा अंदाज घेऊन भाऊजी आधी स्वतःची खाट टाकून घेतात आणि मग चुलीची जागा दाखवतात.

आता खरं काम. मातीची हंडी रात्रभर पाण्यात बुडवून ठेवलेली असते. कांदे निखाऱ्यात भाजायचे, सुकं खोबरं आणि खसखस तव्यावर, धने, लवंगा, मिरे, दगडफूल वेगळं. हे सगळं पाट्यावर वाटायचं. भाजणं पुतण्याकडे, वाटणं वहिनींकडे, गोवऱ्या रचणं शेतमालकाकडे. भाऊजींकडे बोट. बोटाने दाखवतात तिथे तेल पडतं, बोट थांबलं की थांबतं. मटण मसाल्यात परतून झालं की हंडीत पाण्याचा थेंब टाकू देत नाहीत. मटणाला सुटेल ते पाणी पुरे. मग मात्र ते स्वतः पुढे होतात. कणकेची लांब वळी करतात, हंडीच्या काठावर फिरवतात, वर झाकण दाबतात आणि अंगठ्याने फट न फट लिंपून घेतात. हंडी गोवऱ्यांच्या विस्तवावर बसते, झाकणावर चार निखारे.

पुढचे अडीच तास भाऊजी काहीही करत नाहीत, आणि नेमकं तेच दुसऱ्या कोणाला जमत नाही.

कारण सगळ्यांना झाकण उघडायचं असतं. पोरांना बघायचं असतं, साळ्याला चाखायचं असतं, शेतमालकाला मिठाची शंका असते. प्रत्येकाला खाटेवरून एकच उत्तर: “झाकण उघडू नका जी!” मध्ये मध्ये ते उठतात, हंडीजवळ कान नेतात, आतली खदखद ऐकतात आणि परत येऊन आडवे होतात. काय ऐकलं ते सांगत नाहीत. त्याऐवजी १ मे १९९९ ला गोंदिया भंडाऱ्यापासून वेगळा झाला तेव्हा मटणाचा भाव काय होता ते सांगतात. नागपूरच्या सावजीवर मत देतात: “तिखटानं घाम येते, चव नाही येत.” कणकेचं कडं बिस्किटाच्या रंगावर आलं आणि नखाने टिचकी मारल्यावर टक्क वाजलं की मटण झालं. मग ते कडं फोडण्याचा मान. वाफेचा लोट उठतो, वर सांबार, म्हणजे कोथिंबीर, पडतो, आणि गरम भातावर पहिला डाव. धानाच्या मुलखात पोळीला कोण विचारतं?

भाऊजींचा जन्माचा वैरी म्हणजे प्रेशर कुकर. त्यात दाबामुळे पाणी शंभराऐवजी एकशेवीस अंशांच्या आसपास उकळतं आणि मटण वीस-पंचवीस मिनिटांत शिजतं, हे त्यांना मान्य आहे. “शिजते. मुरत नाही,” असा त्यांचा निवाडा. घरात रोज कुकर लावणारी बायको हे ऐकून घेते आणि एखाद्या वेळी म्हणते, “अजी, मंग रोजच्या वरणालेही लावा ना अडीच तास.” भाऊजी विषय बदलतात.

अशा भाऊजींचा एखादा पुतण्या हमखास न्यू जर्सीत असतो, आणि तो एका दिवाळीला येताना स्लो कुकर घेऊन येतो. जाड चिनी मातीचं भांडं, बाहेरून विजेची कडा, वर काचेचं झाकण, बटणावर दोनच आचा. सोबत कागदावर सोपी कृती: बीफच्या खांद्याचा तीन पौंडांचा तुकडा, गाजर, आलू, कांदा, सुपाचं पाकीट, मंद आचेवर आठ तास. बीफचा प्रश्नच नव्हता. राज्यात गाईपाठोपाठ बैल आणि वळू यांच्याही कत्तलीवर मार्च २०१५ पासून बंदी आहे, पण ज्या घरी पोळ्याला बैल ओवाळतात तिथे कायद्याच्या आधीच निकाल लागलेला. बीफच्या जागी बोकडाचा खांदा आला. सुपाचं पाकीट भाऊजींनी वास घेऊन परत केलं.

“यात माणसानं काय करायचं?” त्यांनी विचारलं.

“काही नाही, काका. बटण लावायचं आणि ऑफिसला जायचं.”

“आन् मटणापाशी कोण?”

पुतण्याने मग यंत्राची कुळकथा सांगितली. अमेरिकेतल्या अर्विंग नॅक्सन नावाच्या ज्यू गृहस्थाच्या आईचं घराणं लिथुआनियातल्या विल्नाचं. तिथे शब्बाथला, म्हणजे आठवड्याच्या धार्मिक सुट्टीला, चूल पेटवायची नाही, म्हणून शुक्रवारी संध्याकाळी मांस-कडधान्याचं भांडं गल्लीतल्या बेकरीत नेऊन ठेवायचे. विझत्या भट्टीच्या धगीवर ते रात्रभर शिजायचं. आईच्या तोंडून हे ऐकलेल्या नॅक्सनने घरातल्या घरात तशी धग देणारं विजेचं भांडं केलं आणि १९४० मध्ये त्याचं पेटंट मिळवलं. १९७१ मध्ये ते ‘क्रॉक-पॉट’ नावाने बाजारात आलं आणि नोकरीवर जाणाऱ्या बायकांनी उचलून धरलं. भाऊजींना यातली बेकरीची भट्टी तेवढी पटली. “म्हणजे गोवऱ्याच,” ते म्हणाले.

प्रयोगाचा दिवस ठरला. पहिली अडचण म्हणजे यंत्र अमेरिकेचं, १२० व्होल्टचं, आणि आपल्याकडे भिंतीतून येतात २३०. गोंदियाच्या बाजारातून ट्रान्सफॉर्मर आला. तो कुकरइतकाच जड. दुसरी अडचण, स्लो कुकरमध्ये मटणाला रंग येत नाही, कारण आच उकळीच्याही खाली राहते. भाऊजींनी मटण आधी चुलीवर खरपूस परतून घेतलं, पाणी नेहमीप्रमाणे टाकू दिलं नाही, आणि या दोन्ही गोष्टी कृतीच्या कागदावर आधीच लिहिलेल्या आहेत हे कळल्यावर कागदाबद्दल त्यांचं मत थोडं सुधारलं. आलूवरून मात्र वाजलं. कागद म्हणे, आलू तळाशी आणि मटण वर, कारण या आचेवर कंद मटणाहून उशिरा शिजतात. “आलू मटणानंतर टाकतात, हे पोरालेही समजते,” भाऊजी म्हणाले. पुतण्याने त्यांच्या डोळ्यांदेखत आलू खाली घातले. संध्याकाळी ते नेमके शिजलेले निघाले, तेव्हा भाऊजींनी ते न बोलता दोनदा वाढून घेतले.

पण खरं संकट काचेच्या झाकणाचं होतं. आतलं सगळं दिसतं. कान लावायला नको, टिचकी मारायला नको, चौथीतली पोरगीसुद्धा येऊन सांगते, “आजोबा, बुडबुडे येऊन राहिले.” भाऊजी काही वेळ अस्वस्थ बसले. मग त्यांनी खांद्यावरचा दुपट्टा काढून चौघडी घातली, झाकणावर ठेवली आणि समोर खुर्ची टाकली. झाकण उघडलं की गेलेला ताप भरून यायला वीसेक मिनिटं लागतात, असं कागदावरच लिहिलेलं होतं. ते वाक्य त्यांनी पुतण्याकडून तीनदा मोठ्याने वाचून घेतलं.

दुपारी वारा सुटला आणि लाइट गेली. तिरोड्याजवळ ३,३०० मेगावॉटचं औष्णिक वीज केंद्र आहे, पण गल्लीतली तार तुटल्यावर त्याचा उपयोग नाही. भाऊजींचा चेहरा उजळला. चिनी मातीचं भांडं चुलीवर ठेवलं तर तडकतं, आणि अर्धं शिजलेलं मटण कोमट ठेवणं धोक्याचं; म्हणून सगळा ऐवज हंडीत उतरला, कणीक मळली गेली, गोवऱ्या निघाल्या. तासाभराने लाइट आली तेव्हा कोणी यंत्राकडे बघितलंही नाही.

“कसं वाटलं यंत्र?” रात्री पुतण्याने विचारलं.

“वाईट नाही. पण एकटं सोडण्यासारखं नाही.”

आता बोलावणं आलं की भाऊजींची यादी वाढलेली असते. दोन हंड्या, दीडशे गोवऱ्या, खाट, ट्रान्सफॉर्मर, एक्स्टेन्शन बोर्ड. आणि पोरं एकाऐवजी दोन: एक विस्तवापाशी, एक बटणापाशी.