कागद गेला, पिस्तूल राहिलं

विरार फास्टच्या गर्दीत पाकिटासोबत शस्त्रपरवाना गेला, की १९५९च्या शस्त्र कायद्याची गंमत कळते. आत्मसंरक्षणासाठी घेतलेलं पिस्तूल कपाटात सुखरूप, आणि धास्ती मालकाला!

पिस्तूल जागचं हललेलं नाही. कचेऱ्या मात्र हलल्या. परवाना जुना असेल तर ठाण्याच्या जिल्हाधिकाऱ्यांचा. १ ऑगस्ट २०१४ला पालघर जिल्हा झाला. २०२०मध्ये मीरा-भाईंदर, वसई-विरार पोलीस आयुक्तालय आलं. आता वसईकराने आधी पोलीस ठाण्यात गहाळ झाल्याची नोंद करायची, मग दुय्यम प्रतीच्या अर्जासाठी खाडी ओलांडून मीरा रोड गाठायचा. तिथे जुनी फाईल पोहोचली असेल तर नशीब.

बरं, सरकारी संगणकात प्रत्येक परवानाधारकाचा स्वतंत्र क्रमांक असतोच. तो सांगा म्हणतात. कुठे छापलेला असतो? परवान्यावर.