अक्काची व्हरायटी

आमच्या अहमदपूरच्या गल्लीत रात्री एक वाजता कुणाला विंचू चावला, कुणाच्या सुनेच्या पोटात कळा यायला लागल्या किंवा कुणाची म्हैस दावं तोडून पळाली, तर माणसं आधी अक्काच्या दारात जातात. तिला उठवावं लागत नाही. गॅसवर चहा उकळत असतो, वेणी घातलेली असते आणि चेहरा असा टवटवीत, की झोपेतून उठून आल्याची आपल्यालाच लाज वाटावी. हेच दार सकाळी नऊला वाजवून बघा. आतून जो शब्द येतो तो मास्तरकी केलेल्या माणसाला लिहिता येत नाही.

चाळीस वर्षांची खोड आहे ती. तंबूच्या तमाशात रात्री गणाला उभं राहायचं, पहाटे वग संपला की पेट्या भरायच्या, ट्रकात गादी टाकायची आणि ऊन तापेपर्यंत पुढचं गाव. गावजत्रा असली तर झोपेवरही पाणी, कारण सकाळच्या हजेरीचा खेळ असतो. अक्काला ट्रकात, हार्मोनियमच्या पेटीवर, जनरेटरच्या शेजारी कुठंही झोप लागते. फक्त घरात, पलंगावर, रात्री लागत नाही. एकदा मला म्हणाली, "गुरुजी, तुमी लोक रातच्याला झोपता कामून ओ? इतकी चांगली वेळ वाया जाती."

अक्का व्हरायटी डान्सर. हा शब्द तिचा नव्हे, हँडबिलावरचा. तमाशाचा क्रम पूर्वापार ठरलेला: गण, गवळण, बतावणी, मग वग. पण वगाच्या आधी जी रंगबाजी, तिच्या दारातून सिनेमाची गाणी आत शिरली आणि पुढं तर घरमालकासारखी पाय पसरून बसली. अक्काचा आजा नाच्या, बाप सोंगाड्या, आई लावणीची. बापाला आयुष्यभर एकच दुःख, की आपण एकटे जन्मलो. कवलापूरच्या काळू-बाळूंसारखं जुळं असतो तर अर्धा विनोद नुसत्या तोंडवळ्यावर निघाला असता, असं तो म्हणायचा. अशा घरात अक्कानं सोळाव्या वर्षी हेलनच्या गाण्यावर नाचायचं ठरवलं. इतर घरांत पोरगी तमाशात गेली की वाया गेली म्हणतात. "आमच्यात मी तमाशातच ऱ्हाऊन वाया गेले," असं अक्का मोठ्या अभिमानानं सांगते.

आई आठ दिवस बोलली नाही. नवव्या दिवशी फडमालक सांगत आला, तिकिटं व्हरायटीवर खपायलीत. तेव्हा जिनं लेकीच्या पायात चाळ बांधायचे, त्या आईनंच उंच टाचेच्या सँडलचा तुटलेला पट्टा दाभणानं शिवून दिला.

घराण्याचं एवढं बुडवूनही घराण्याचा ताठा मात्र अक्काच्या मानेत शाबूत आहे. विठाबाई भाऊ मांग नारायणगावकरांचं नाव निघालं की ती कानाच्या पाळीला हात लावते. विठाबाईंना १९५७ आणि १९९० असा दोनदा राष्ट्रपतींकडून सन्मान मिळाला, हे ती मला दर महिन्याला एकदा सांगते. मी विसरेन अशी तिला भीती आहे. भरल्या दिवसांची विठाबाई नाचता नाचता आत गेली, बाळंत झाली, दगडानं नाळ तोडली आणि पुन्हा बोर्डावर आली, ही तमाशातली सर्वांना ठाऊक असलेली कथा अक्का करून दाखवते. पाहिलेली नाही, पण दाखवते. मी ती बारा-तेरा वेळा पाहिली आहे आणि दर वेळी दगड थोडा मोठा झालेला आहे.

तिचा महाराष्ट्राचा नकाशा कुठल्याही पाठ्यपुस्तकात सापडणार नाही. जिल्हा, नदी, किल्ला असलं काही तिला माहीत नाही. एक गाव म्हणजे पाणी लांब, दुसरं म्हणजे पब्लिक खडे मारतं, तिसरं म्हणजे दौलतजादा भरपूर पण नोटा फाटक्या. मी एकदा शिकवायच्या भरात सांगितलं, की अक्का, आपलं अहमदपूर निजामाच्या राज्यात बीदर जिल्ह्यात होतं, १९५६ साली उस्मानाबादेत आलं आणि १९८२ पासून लातुरात आहे. ती विचारात पडली. म्हणाली, "म्हंजे गावानं जागचं न हालता तीन जिल्हे केले? आमाला तर ट्रक लागायचा!"

सगळ्यात गंमत माळेगावची. मार्गशीर्षातली खंडोबाची ती यात्रा म्हणजे आमच्या भागाचं वर्षाचं भांडवल. घोडे, गाढवं, उंट, लाल कंधारी बैल, तमाशाचे तंबू, वर लावणी महोत्सव. नांदेडच्या रस्त्यानं अहमदपूर सोडलं की आलंच. अक्कानं तिथं पस्तीसेक यात्रा केल्या असतील. पण दिवसा झोपलेली आणि रात्री बोर्डावर, त्यामुळं खंडोबाही पाहिला नव्हता आणि घोडाही. काम सोडल्यावर भाच्यानं तिला भर दुपारी मोटारसायकलवर नेलं. घोड्यांच्या बाजारात ती तोंडाला पदर लावून उभी राहिली आणि भाच्याला विचारलं, "हे दर साली असतंय?" दर्शन झालं, भंडारा लागला, आणि मग भाच्यानं तमाशाची दोन तिकिटं काढून मागं बघितलं तर अक्का गायब. ती सवयीनं मागच्या कनातीतून आत गेली होती आणि एका अनोळखी पोरीच्या केसांत पिना खोचत होती. समोरून खुर्चीवर बसून तमाशा बघायचा असतो, हे तिला अजून पटलेलं नाही.

आता मानधनाचं. वृद्ध कलावंतांना सरकार महिना ५००० रुपये देतं. मात्र कलावंत असल्याचा पुरावा लागतो. अक्कानं ट्रंक उपसून हँडबिलं काढली, मी इस्त्री करून दिली. सगळ्यांवर फडमालकाचं नाव ठळक, सोंगाड्याचं ठळक, खाली जनरेटरवाल्याचंसुद्धा. आणि तिच्या जागी एकच ओळ, सोबत व्हरायटी डान्सर्सचा ताफा. अक्का त्या ताफ्यावर बोट ठेवून साहेबाला म्हणाली, "ही मी." साहेब म्हणाले, नाव कुठाय? अक्का म्हणाली, "नाव कशाला पायजे, करून दाखवू का?" आणि पदर खोचला. साहेबांनी घाईघाईनं दुसरा काही कागद चालतो का ते बघितलं. चालला.

तेव्हापासून वर्षाला एकदा हयातीचा दाखला. जिवंत आहे हे सांगायला ऑफिसात जायचं, तेही सकाळी अकराला, म्हणजे अक्काची मध्यरात्र. तरी ती पहाटेपासून आरशासमोर बसते. पावडर, काजळ, नथ, ठेवणीतलं जरीकाठी. यंदा मीही बरोबर गेलो. बाबूनं मान वर न करता सहीची जागा दाखवली. अक्कानं सही केली, दोन पावलं मागं सरकून उभी राहिली आणि वाट बघितली. बाबूनं पुढच्याला हाक मारली.

"संपलं?" तिनं मला विचारलं.

"संपलं."

रिक्षात मी समजूत काढणार होतो, पण तिला त्याची गरज नव्हती. "सकाळची हजेरी अशीच असती गुरुजी, पब्लिक झोपेत," ती म्हणाली आणि नथ काढून पर्समध्ये ठेवायच्या आत तिला गाढ झोप लागली.