ज्याची त्याची पहाणी

वाचणाऱ्याच्या प्रकृतीप्रमाणे ज्यातील मजकूर पालटतो, असा एखादा मायावी ग्रंथ जगात असता तर काय बहार झाली असती, अशी हळहळ करणाऱ्या कल्पक मंडळींचा मला नेहमीच अचंबा वाटत आला आहे. कारण आदिलाबाद जिल्ह्यातील आमच्या गुडीहत्नूर गावी, जेथे घरात मराठी, बाजारात तेलुगू, शेजारच्या गुड्यावर गोंडी आणि जुन्या सरकारी दप्तरात उर्दू अशी भाषांची वाटणी पिढ्यान्‌पिढ्या बिनतक्रार चालत आली, तेथे असल्या ग्रंथाचे कोणासही अप्रूप नाही. त्याचे नाव खासरा पहाणी.

पूर्वसूरींनी या दिशेने खटपट केली नाही असे नाही. सोळाव्या शतकात पिंगळी सूरना या तेलुगू महाकवीने 'राघवपांडवीयमु' रचून एकाच पद्यातून एकाला रामायण आणि दुसऱ्याला महाभारत वाचता यावे अशी योजना केली. परंतु दोन अर्थांवर त्या थोर पुरुषाला थांबावे लागले, आणि तेवढ्यासाठीही श्लेष, समास, संधी यांची केवढी यातायात! आमच्या कारकुनाला यांतले काहीच करावे लागले नाही. त्याने केवळ नुक्ते दिले नाहीत.

जहागिरी खालसा झाल्यावर, १९५४-५५ साली, हैदराबाद राज्यातील तेलंगणच्या गावोगावी सर्व्हे नंबरवार ही पहाणी तयार झाली: पट्टेदार कोण, काबीज कोण, क्षेत्र किती एकर किती गुंठे, सारा किती, आणि सरतेशेवटी, सृष्टीतील कोणतीही गोष्ट ज्यात मावू शकते, तो कैफियतीचा रकाना. जमिनीचा दावा लागला की वकील आजही पहिल्याप्रथम हिचीच नक्कल मागतात. आमच्या घरी जी नक्कल आहे ती घसटत्या शिकस्ता वळणात असून, पट्टेदाराच्या रकान्यात एक दात, एक अलिफ, पुन्हा एक दात आणि पुन्हा एक अलिफ, एवढाच ऐवज आहे. आता त्या दाताखाली एक टिंब मानले तर 'बाबा' होतो, वर एक मानले तर 'नाना' होतो, आणि वर दोन मानली तर 'ताता' होतो. आमच्या थोरल्या पातीच्या आजोबांना अवघे गाव बाबा म्हणे, धाकट्या पातीच्या आजोबांना नाना. आणि बांधाला बांध लागून असलेले जे तेलुगू शेतकरी, ज्यांना आम्ही मामा म्हणतो, त्यांच्या भाषेत आजोबांना ताताच म्हणतात.

कागदावर माश्यांनीही आपापल्या परीने शेरे मारून ठेवले असल्यामुळे टिंबांचा तुटवडा नाही. थोरले दादा भिंग लावून खालचे टिंब दाखवतात, धाकटे अण्णा चष्मा काढून वरचे दाखवतात, आणि मामा, ज्यांना उर्दूचे एक अक्षर येत नाही, ते लांबूनच "मा ताता!" म्हणून गहिवरतात.

पहाणीच्याच बस्त्यात फसली सनाचे काही कागद आहेत. फसली सनात ५९० मिळवले म्हणजे इसवी सन येतो, हे अण्णांना ठाऊक नव्हते अशातला भाग नाही. पण एका कागदावर १३२० हा आकडा पाहताच त्यांनी तो जसाच्या तसा इसवी मानला, आणि देवगिरीचे यादव बुडाल्यावर दोन-तीन वर्षांतच आमच्या पूर्वजांनी हे काळे रान कसले, असा सिद्धांत मांडला. माझ्या हिशेबाने ते साल १९१० निघते. धाकट्या पातीत माझा हिशेब कोणी वाचत नाही.

अखेर निवाड्यासाठी एका निवृत्त उर्दू शिक्षकांना पाचारण केले. त्यांनी कागद उजेडाकडे धरून तिन्ही वाचने शास्त्रशुद्ध असल्याचे मोठ्या अदबीने सांगितले, दादांच्या घरचा चहा घेतला, अण्णांच्या घरचे पान खाल्ले, आणि निघता निघता कैफियतीच्या रकान्यावर बोट ठेवून, या नंबरातून पलीकडच्या शेतास गाडीवाट असल्याचे अगदी स्पष्ट लिहिले आहे, असे बजावले. पलीकडचे शेत त्यांच्या जावयाचे आहे.

१९८४ साली वंशपरंपरेचे पटेल-पटवारी गेले, २०२० मध्ये जमिनीच्या नोंदींचे संगणकी दप्तर 'धरणी' आली, २०२५ मध्ये तिच्या जागी 'भू भारती' आली. संगणकावर नावे छापील आणि टिंबांसह उमटतात. त्यात रस राहिला नाही. सुदैवाने तंटा उभा राहिला की सारेजण पुन्हा जुन्या पहाणीकडेच वळतात.

तरी वाचकांपैकी ज्यांना शिकस्ता वळण वाचता येते, आणि ज्यांची अथवा ज्यांच्या व्याही-जावयांची गुडीहत्नूरच्या शिवारात एक गुंठाही जमीन नाही, अशा सद्गृहस्थांनी कृपा करून यावे. जाण्यायेण्याचा खर्च तिन्ही पक्ष मिळून देतील; जेवण मात्र कोणा एकाच्याच घरी घेऊ नये.