किल्ल्यावरचे काका

दिवाळीची सुट्टी लागली की पुण्यातल्या सोसायट्यांच्या कोपऱ्यांत पोरांच्या किल्ल्यासाठी विटा, गोणपाट आणि लाल माती जमते, आणि तिसऱ्या दिवशी तिथे एक काका उगवतात. वय ५२-५३, मुलगा बंगळुरूला नाहीतर बोस्टनला. ‘सहज बघायला’ म्हणून आलेले हे गृहस्थ पाचव्या मिनिटाला पोरांना राजगडाच्या तीन माच्या मोजून दाखवतात आणि दहाव्या मिनिटाला संजीवनी माचीचं तोंड चुकल्याचा निकाल देतात. एरिक एरिक्सन या मानसशास्त्रज्ञाने १९५०मध्येच मांडलं होतं की मधल्या वयात माणसाला पुढच्या पिढीसाठी काही उभं करायची ओढ लागते. ते जमलं नाही की तो साचतो. काकांकडे पाहता दुखणं जरा वेगळं दिसतं. ऑफिसात त्यांना ‘हो सर’ ऐकू येतं, घरी ‘हं’. माणसं भरपूर, पण काकांचं म्हणणं खोडून काढण्याइतकं मनावर घेणारं कुणी नाही. पोरं मनावर घेतात. पद्मावती माचीवर प्लॅस्टिकचा डायनासोर का, या प्रश्नाला ‘शत्रू घाबरतो’ असं चोख उत्तर मिळतं, आणि इतिहासाची सगळी पुस्तकं कोळून प्यायलेले काका निरुत्तर होतात. त्यांचा आत्मशोध इथेच सुरू होतो.

कुणी म्हणेल, यात आत्मशोध कसला? पोरांच्या किल्ल्यावर हे स्वतःचं बालपण लिंपतात, झालं. पहिले दोन दिवस हा आरोप शंभर टक्के खरा असतो. पण मग पदावनती होते. सल्लागाराचे काका माती चाळणारे होतात, तिथून कारंज्यासाठी सलाईनची नळी शोधून आणणारे. आणि गंमत म्हणजे पगार न कापता झालेली ही घसरण त्यांना मानवते. परगावच्या मुलाची उणीव ते इथे भरून काढतात, हेही पुरतं पटत नाही. तसं असतं तर त्याला होणारे फोन कमी झाले असते. होतं उलटंच. एरवी ‘जेवलास का?’वर संपणारा फोन आता ‘तू भुयार कोसळू न देता कसं केलं होतंस रे?’ इथे सुरू होतो, आणि पलीकडचा मुलगा मीटिंग सोडून वीस मिनिटं बोलतो.

भाऊबीजेला पोरं मामाकडे पांगतात. जाताना काकांना बजावून जातात: किल्ल्यावर पेरलेल्या हळिवाला दोनदा पाणी, आणि डायनासोरला हात लावायचा नाही.