घड्याळजी महाराज

प्रत्येक खानदानात एक काका असतात. बगलेत पिशवी, पिशवीत वंशावळ आणि वंशावळीत कुठेतरी बुडालेलं इनाम. "दावा कुठवर आला?" असं त्यांना चुकूनही विचारू नये, संध्याकाळ जाते. कार्ल विल्हेल्म नाउनडॉर्फ याच पंथातला. फक्त त्याला बांधावरची दोन आंब्यांची झाडं नको होती, फ्रान्स हवा होता.

धंदा घड्याळं दुरुस्तीचा, मुक्काम प्रशियात, खोट्या नाण्यांच्या प्रकरणात तुरुंगही पाहिलेला. 1833 मध्ये गडी पॅरिसला आला आणि म्हणाला, सोळाव्या लुईचा मुलगा तो मीच! तो मुलगा 1795 मध्ये टेंपलच्या कैदेत, दहाव्या वर्षी वारलेला. पण मेलेल्या राजपुत्रांना परत यायची खोडच असते. पुण्याने नाही का भाऊसाहेबांचा तोतया पाहिला? लुईचे तर डझनांनी निघाले.

याची पंचाईत एकच. फ्रान्सच्या राजाला फ्रेंच धड येईना! मात्र आठवणी पक्क्या. राजपुत्राला लहानपणी सांभाळणाऱ्या मादाम द रांबोने म्हणे जुना निळा अंगरखा काढून विचारलं, हा पॅरिसला घालत होतास ना? छे, व्हर्सायला, तोही एकदाच, असं उत्तर आलं. बाई विरघळल्या.

सख्खी म्हणवलेली बहीण, आंगुलेमची डचेस, मात्र भेटायलाही तयार नव्हती. म्हणून 1836 मध्ये स्वारीने तिच्यावरच मालमत्तेचा दावा ठोकला. सरकारने सुनावणीऐवजी त्याला धरलं, कागद जप्त केले आणि इंग्लंडला पिटाळलं. झालं! निकाल विरुद्ध गेला असता तर माणूस संपला असता. आता भक्त म्हणायला मोकळे: कागदांत काही नव्हतं, तर उचलले कशाला?

इंग्लंडमध्ये त्याने नवा धर्मपंथ काढला, बाँब बनवले, कर्जापायी कैदही भोगली. बाँबची कदर अखेर डच सरकारने केली. 1845 मध्ये तो डेल्फ्टला वारला. दावा मात्र जिवंत राहिला. 1874 मध्ये वारसांच्या बाजूने ज्यूल फाव्र उभे राहिले. बिस्मार्कशी तहाची बोलणी केलेला माणूस, पण इथेही हरला.

2000 मध्ये टेंपलमधल्या त्या पोराचं जपून ठेवलेलं हृदय तपासलं. डीएनए राजपुत्राच्या आईच्या, मारी आंत्वानेतच्या, माहेराशी जुळला. म्हणजे खरा राजपुत्र कैदेतच गेला होता.

डेल्फ्टच्या थडग्यावर अजून कोरलेलं आहे: येथे सतरावा लुई, फ्रान्सचा राजा, विसावला आहे. तिथलं फ्रेंच मात्र निर्दोष आहे.