श्वास घ्या, सोडा

चाकणच्या कारखान्यांत 21 जूनला, योग दिनी, कामगारांना सतरंजीवर बसवून श्वास घ्यायला शिकवतात. एरवी तेवढी सवड नसते. प्लांट हेड म्हणतात, ‘आपण एक कुटुंब आहोत!’ तोवर सुपरवायझरच्या ग्रुपवर मेसेज पडतो : ‘चाळीस नग कमी. कारण?’ कारण साधं. लघवीला जायचं होतं, रिलीव्हर आला नाही. हे एक्सेलच्या कुठल्या रकान्यात भरणार?

सप्टेंबर 2025मध्ये राज्य मंत्रिमंडळाने कारखान्यांतली रोजच्या कामाची मर्यादा 9 वरून 12 तासांवर न्यायला मंजुरी दिली. कामगाराची लेखी संमती हवी म्हणे. कंत्राटी पोराची संमती! तो कोऱ्या कागदावरही सही ठोकतो. चाकणच्या तळेगाव चौकातल्या वाहतूक कोंडीतले तास यात धरलेले नाहीत. साहेबांना ते उपयोगी पडतात. मागच्या सीटवर नेतृत्वावरचं पॉडकास्ट ऐकून होतं.